अडतिसावा खेळ

घरात तिला सगळे धाकटी म्हणत. पस्तिशी ओलांडली, कानाशी दोन केस पांढरे झाले, तरी ते नाव काही सुटलं नाही. चष्म्याच्या दुकानामागच्या खोलीत ती काचा घासायची. डॉक्टरने लिहून दिलेल्या नंबरची गोल काच यायची. ती फ्रेमच्या मापाने घासायची, कडांची धार मोडायची, बसवायची आणि उजेडात धरून बघायची. केसाएवढा फरक पडला तर माणसाचं डोकं दुखतं, हे तिला पक्कं ठाऊक होतं. मालक म्हणायचे की हिच्या हातून गेलेला चष्मा कधी परत येत नाही.

दादा तिच्याहून सहा वर्षांनी मोठा. तो लिफ्ट दुरुस्त करायचा. दिवसभर वर-खाली करून माणूस शेवटी तळमजल्यालाच येतो, असं तो म्हणायचा, आणि पुन्हा पुन्हा म्हणायचा.

दोघांना कॉम्प्युटरवरच्या खेळांचं वेड. घरात मशीन एकच, म्हणून तोडगा काढलेला: कीबोर्ड दादाकडे, माउस धाकटीकडे. चालायचं त्याने, बघायचं तिने. पडद्यावरचा शिपाई भिंतीवर आपटला की दोष कोणाचा यावर भांडण ठरलेलं. आई आतून ओरडायची की अरे, एका माणसाला चालवायला दोघं लागतात का तुम्हाला?

एकदा दादाने एक यादी छापून आणली. खेळ विकणाऱ्या एका ऑनलाइन दुकानात कोणता खेळ सगळ्यात जास्त लोकांकडे आहे, त्याची पहिल्या पन्नासांची यादी. त्याने ठरवलं की हे पन्नासही खेळ क्रमाने खेळायचे, एकही गाळायचा नाही. कोट्यवधी लोकांनी घेतलंय ते काय उगाच घेतलंय का, हा त्याचा मुद्दा. धाकटीचं म्हणणं, लोकांकडे असतं म्हणून लोक खेळतात असं थोडंच आहे. निम्म्यांनी स्वस्तात मिळाला म्हणून घेतला असेल आणि एकदाही उघडला नसेल. "मग त्यांच्या वाटचं आपण खेळू," दादा म्हणाला. बाहेरची यादी दर महिन्याला बदलत राहिली, ह्यांची बदलली नाही. तिची एक प्रत त्याच्याकडे, एक हिच्याकडे.

पुढे दादाचं लग्न झालं, दुसऱ्या गावी नोकरी लागली, आई त्याच्याबरोबर गेली. दोन घरांत दोन मशिनं आली आणि खेळ चालूच राहिला. एकतीस खेळ झाले.

मग आई आजारी पडली. शेवटी तिला श्वासाच्या यंत्रावर ठेवलं. दादाचा फोन आला तेव्हा धाकटी गाडीत बसलेलीच होती, सहा तासांचा प्रवास. ती पोचली तेव्हा यंत्र काढलेलं होतं आणि आई गेलेली होती. डॉक्टरांनी विचारलं आणि दादाने सही केली. तो सांगायचा प्रयत्न करत होता की तिचे हाल बघवत नव्हते. धाकटीने ऐकून घेतलं नाही. चार माणसांसमोर ती म्हणाली, "तू मारलंस तिला. सहा तास थांबला नाहीस."

 त्या दिवसापासून दोघं बोलली नाहीत. सात वर्षं.

पण त्या खेळांच्या दुकानात ओळखीच्या लोकांची नावं दिसतात. कोण आत्ता आलंय, कोण काय खेळतंय, किती तास खेळलंय. धाकटीने दादाचं नाव काढलं नाही, दादानेही हिचं काढलं नाही. आईला जाऊन पाचेक महिने झाले असतील, एका रविवारी तिला दिसलं की दादाने बत्तिसावा खेळ सुरू केलाय. तिने तासभर घर आवरलं, भांडी घासली, आणि मग तिनेही बत्तिसावा सुरू केला. तो संपवून थांबायचा. ही संपवेपर्यंत तेहतिसाव्याला हात लावायचा नाही. कधी वर्षभरात एक खेळ व्हायचा, कधी दोन. तोंडाने एक अक्षर नाही, पण यादीत दोघं एकाच आकड्यावर. नवऱ्याशी तिचं कधीच फाटलं होतं, मूलबाळ नव्हतं. जगात आपल्या बरोबरीने कोणीतरी चाललंय, हे कळायची तेवढी एकच जागा होती.

अडतिसाव्या खेळात एक पूल होता आणि तो काही केल्या ओलांडता येईना. ती महिनाभर अडली. दादा पलीकडे पोचलेला दिसत होता. मग दिसेनासा झाला. दोन महिने त्याच्या नावापुढे काहीच हालचाल नाही. काम असेल, ती म्हणाली. मग एका दुपारी त्याचं नाव एकदम हिरवं झालं, म्हणजे तो आलाय, आणि काय वाटलं कोण जाणे, तिने लिहिलं: "हा पूल तू कसा ओलांडलास?"

पाच मिनिटं काही नाही. मग उत्तर आलं. "डावीकडची दोरी ओढ."

तिने दोरी ओढली, पूल खाली आला. धाकटी खुर्चीत बसून हमसाहमशी रडली. मग तिने एवढंच लिहिलं, "दादा."

तिथून बोलणं सुरू झालं. रोज दोन-चार ओळी. जेवलास का, जेवलो. लिफ्टची कामं कशी आहेत, चालू आहेत. दादा पूर्वी कधी पूर्णविराम द्यायचा नाही, आता प्रत्येक वाक्यापुढे द्यायला लागला होता. वय झालं की माणूस शिस्तीला लागतो, असं तिने मानलं. खेळतही फार हळू होता. पंधरा दिवसांचा खेळ चार-चार महिने पुरवायचा. एक्केचाळिसावा खेळ जोडीने खेळायचा होता: एकाने बटणावर उभं राहायचं, दुसऱ्याने उघडलेल्या दारातून जायचं. दादा नेमका ती दारात असताना बटणावरून उतरायचा. तिसऱ्यांदा दाराखाली चिरडल्यावर तिला हसू आवरेना. तिने लिहिलं, "म्हातारा झालास." तो म्हणाला, "झालो खरा."

माईकवर बोलू या का, तिने एकदा विचारलं. बिघडलाय, तो म्हणाला. फोनचं तिने सुचवलं नाही. आवाज ऐकला तर आईचा विषय निघणार, आणि निघाला तर काय बोलायचं हे तिला माहीत नव्हतं. त्यानेही सुचवलं नाही, त्याचं तिला बरंच वाटलं.

असे चौदा महिने गेले. ती कामावर गुणगुणायला लागली होती.

मग दुकानात काचा घासायचं नवं यंत्र यायचं ठरलं आणि ते शिकायला मालकांनी तिला दोन दिवस पाठवलं, नेमकं दादाच्या गावी. तिने लिहिलं, "शनिवारी शिकणं संपतंय. रविवारी सकाळी येते." चार दिवस उत्तर नाही. तिने मनाची समजूत घातली की नको असेल. पाचव्या दिवशी एकच शब्द आला. "ये."

रविवारी दार वहिनीने उघडलं. वहिनी एका शाळेच्या ग्रंथालयात होती. शांत, मोजकं बोलणारी बाई. धाकटीने तिला आठ वर्षांनी बघितलं. फार वाळली होती. धाकटीने घरभर नजर टाकत विचारलं, दादा कुठे बाहेर गेलाय का. वहिनी म्हणाली, आधी बस. तेव्हा तिला भिंतीवरचा फोटो दिसला. त्यात दादा तिने कधीच न पाहिलेल्या शर्टात होता आणि गाल बसलेले होते.

"तो गेला गं," वहिनी म्हणाली. "गेल्या वर्षी. कॅन्सर होता. कळल्यापासून तीन महिने मिळाले."

"काल तर बोलले मी त्याच्याशी."

"माझ्याशी बोललीस."

धाकटी बसली नाही. हातातली पिशवी तशीच धरून उभी राहिली, आणि वहिनीने सगळं सांगितलं. धाकटीला कळवू नकोस, असं दादाने बजावलं होतं. कळलं तर धावत येईल, पण ती आजाराला भेटायला येईल, मला नाही, असं त्याचं म्हणणं. आपणहून आली तर हवी आहे, म्हणायचा. वहिनीने दोनदा वाद घातला, मग मरणाऱ्या माणसाशी काय भांडायचं म्हणून सोडून दिला. दुखणं वाढल्यावर कॉम्प्युटर पलंगाशी नेला होता. अडतिसावा खेळ त्याने उशीला टेकून पुरा केला. वहिनी शेजारी बसून बघायची. तो गेल्यावर आठव्या दिवशी त्याचं खातं बंद करावं म्हणून तिने मशीन लावलं, पासवर्ड त्याच्या वहीत होता, आणि समोर धाकटीचा प्रश्न आला.

"सात वर्षांनी तू विचारलंस, आणि काय, तर पूल," वहिनी म्हणाली. "मला उत्तर माहीत होतं. मी बघितलं होतं त्याला दोरी ओढताना. तेवढं सांगावं आणि मग खरं लिहावं, असंच ठरवलं होतं. पण तू 'दादा' म्हणालीस."

त्यानंतर कितीदा तरी तिने खरं लिहिलं आणि खोडलं. दुसऱ्या दिवशी सांगू म्हणता म्हणता खोटं वाढत गेलं. खेळ येत नव्हते, शाळेतून आल्यावर बसून शिकली. माउस धरता येत नव्हता.

धाकटीला आधी राग आला, आणि तो साधासुधा नव्हता. आपण आठ दिवस उशिरा लिहिलं, हे तिच्या डोक्यात नुसतं फिरत होतं, आठ दिवस. पण तो राग जायचा कुठे? तिने वहिनीलाच विचारलं, "चौदा महिने मला हसू दिलंत. लाज नाही वाटली?"

"वाटली," वहिनी म्हणाली. "रोज. पण दिवसातून एकदा कोणीतरी त्याला विचारत होतं, जेवलास का म्हणून. मला ते बंद करवेना."

मग धाकटी आतल्या खोलीत गेली. कॉम्प्युटरच्या वर भिंतीला ती यादी चिकटवलेली होती, पिवळी पडलेली. अडतीसपर्यंत दादाच्या हातच्या निळ्या पेनाच्या खुणा, बेफिकीर, रेघेबाहेर गेलेल्या. एकोणचाळीस, चाळीस, एक्केचाळीस यांच्यापुढे पेन्सिलीच्या, लहानशा. बेचाळीसपुढे काही नाही. धाकटी ते बघत राहिली. चष्मा कोणी घासलाय हे कडेवर बोट फिरवून सांगणारी ती; आणि ज्या हाताशेजारी हात ठेवून वाढली, तो हात बदललेला तिला चौदा महिने कळला नव्हता. कळला नव्हता की कळून घ्यायचा नव्हता, हे तिला तेव्हाही सांगता आलं नसतं.

वहिनी दाराशी येऊन उभी राहिली. धाकटीने तिच्याकडे न बघता विचारलं की आईबद्दल तो कधी काही बोलला का.

"फारसं नाही. त्या तारखेला कामावर जायचा नाही. शेवटच्या आठवड्यात एकदा म्हणाला, सहा तास थांबता आलं असतं."

 ते ऐकायला धाकटी इतकी वर्षं जीव टाकत होती, असं तिला वाटायचं. आता ते ऐकलं, आणि तिला वाटलं की कोणीतरी जाऊन त्याला सांगावं, नव्हतं रे थांबता आलं. तुझं बरोबर होतं. माझंच तोंड वाईट. पण सांगायला जागा उरली नव्हती.

"त्याच्या वेळी?" तिने विचारलं. "शेवटी? तुम्ही थांबलात?"

"कोणासाठी थांबणार होते मी?" वहिनी म्हणाली.

 कोणी कोणाला जवळ घेतलं नाही. वहिनीने जेवून जा म्हटलं. धाकटीने गाडीची वेळ झाल्याचं सांगितलं. वेळ झालेली नव्हती. निघताना वहिनीने यादी काढून देऊ का विचारलं, तर ती नको म्हणाली. जिन्यात तीन पायऱ्या उतरून ती थांबली, परत वर आली, दार उघडंच होतं. "दाराखाली मला मुद्दाम चिरडत नव्हतात ना तुम्ही?" असं तिने विचारलं. वहिनीने मान हलवली. "नाही गं. बटण कुठलं तेच कळायचं नाही." ती हसली नाही, धाकटीही हसली नाही. मग धाकटी जिना उतरून गेली.

त्यांचं पुढे काही फार जुळलं, असं नाही. वर्षातून दोन-तीन फोन होतात. वहिनी शाळेचं सांगते, धाकटी दुकानाचं. दादाचं नाव निघालं की दोघींपैकी एक फोन ठेवते. दादाचं खातं वहिनीने पुन्हा उघडलं नाही. धाकटीनेही खेळणं सोडलं.

त्या रविवारी धाकटी परतली आणि सोमवारी सकाळी कामावर गेली. नवं यंत्र खोक्यातून काढून ठेवलेलं होतं, मालक तिचीच वाट बघत होते. ते चालवून दाखवायचं सोडून ती म्हणाली, मला काही दिवस सुट्टी हवी आहे, भाऊ गेला. मालकांना धक्का बसला. त्यांनी खुर्ची ओढून तिला बसवलं, पाणी दिलं. मग हळूच विचारलं, "कधी गेला?"

धाकटीला काय सांगावं कळेना. गेल्या वर्षी, असं म्हटलं तर सुट्टी कशाला. काल, असं म्हटलं तर ते खोटं.  मालक थांबले होते. बाहेर दुकानात एक बाई नवा चष्मा घालून आरशात बघत होती आणि सोबतच्या मुलीला विचारत होती, बरा दिसतोय का.

"गेल्या वर्षी," धाकटी म्हणाली.

 मालकांना वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. मग त्यांनी मान डोलावली आणि म्हणाले, जा, चार दिवस घरी राहा. ती उठली, पर्स घेतली. पण बाहेर पडून कुठे जायचं हे तिला समजेना, आणि ती पुन्हा खुर्चीत बसली.