लिस्बनमध्ये सावित्रीचं नाव

बाजारकुणंग गावच्या रुक्माचं गाणं भारतातर्फे जागतिक गीतस्पर्धेला निवडलं गेलं, तेव्हा रुक्मा गणेशगुडीच्या रिसॉर्टात भाकऱ्या थापत होती. बातमी घेऊन दीपाली आली. ही बेळगावची गायिका. गेल्या वर्षी इथं मुक्कामाला असताना चुलीपाशी रुक्माचं गुणगुणणं तिच्या कानावर पडलं होतं, आणि रुक्माला विचारूनच तिनं त्याला ढोल-गिटार लावून ते स्पर्धेला पाठवलं होतं.

"रुक्माअक्का, लिस्बनला जायचंय. पहिलं कडवं तूच म्हणायचं."

"ते कुठं आलं?"

"पोर्तुगालात."

रुक्माचा हात थांबला. तिचे पूर्वज पोर्तुगीजांना भिऊनच गोव्यातून डोंगर चढून आले, असं घरात सांगत.

"आता काय करत न्हाईत न्हवं ते?"

"नाही, आता चांगली आहेत माणसं."

पण खरी काळजी निराळीच होती. शेजारची सावित्री भाताच्या राखणीला शेतातल्या माळ्यावर बसली आणि झोपली; रानडुकरांनी दोघींचं शेत तुडवलं. त्या रागात रुक्मानं गाणं रचलं. 'डुक्कर आलं गे, सावित्री झोपली' हे त्याचं पालुपद. गाणं गावभर झालं, आणि दोघींचं बोलणं बंद झालं. आता सावित्रीची झोप साऱ्या जगाला कळणार होती.

"नाव बदलूया," रुक्मा म्हणाली.

"शब्द नोंदवून झालेत, अक्का. एक अक्षर हललं तरी गुण कापतात."

मग रुक्मा सावित्रीच्या दारात गेली. सावित्री नाचणी पाखडत होती. रुक्मानं उभ्याउभ्याच सगळं सांगितलं.

सावित्रीचं सूप थांबलं नाही. "मी झोपले न्हवते. अंगात ताप होता. उठवत नव्हतं. तुला हाका मारल्या, त्या पोचल्या न्हाईत."

"मग दुसऱ्या दिवशी का सांगितलं न्हाईस?"

"तू गाणं म्हणत होतीस."

लिस्बनला स्टेजवर तांबडा उजेड पडला आणि धूर सुटला. रुक्माला वाटलं, रान पेटलं. तिनं आजूबाजूला पाहिलं; कुणीच पळत नव्हतं. म्हणून तिनंही पळायचं रद्द केलं आणि तोंड उघडलं, 'डुक्कर आलं गे, सावित्री तापली.'

मागं साथीला उभ्या मुली नेमानं 'झोपली' म्हणत राहिल्या.

गुण कापले गेले. भारत शेवटून दुसरा आला. विमान गोव्याला उतरत होतं. दीपाली म्हणाली, "तापली म्हणजे रागावली ना?"

"न्हाई. ताप आलेली."

"पत्रकारांना मी 'रागावली' असं सांगितलं."

"असू दे. रागावली बी होती."

गावात पंचायतीनं शाल घातली. अध्यक्षांनी देशाचं नाव उंचावल्याबद्दल भाषण केलं. निकाल त्यांना कुणी सांगितला नव्हता. शाल तशीच अंगावर घेऊन रुक्मा सावित्रीकडं गेली. सावित्रीनं गाणं मुलाच्या, महेशच्या मोबाइलवर ऐकलं होतं.

"शब्द बरोबर म्हटलास," ती म्हणाली. "सूर चुकला."

"व्हय. लई थंडी तिथं. घसा बसलेला."

सावित्रीनं उकडलेल्या कंदांची ताटली पुढं सरकवली. रुक्मा बसली. दोघी साली काढून खाऊ लागल्या.

"उद्या मिरी काढायची हाय," सावित्री म्हणाली. "येशील?"

"येते की," रुक्मा म्हणाली आणि मीठ मागून घेतलं.