चावीवाल्या काकांचे सेवापुस्तक

मित्रांनो, मी एक जुने सेवापुस्तक आहे. माझ्यात चित्रे नाहीत, म्हणून लगेच तोंड फिरवू नका. माणूस नोकरीला लागला की कचेरी त्याच्या नावाने असे एक पुस्तक उघडते आणि त्याच्या नोकरीची सगळी हकीगत त्यात लिहून ठेवते. मी पाणीपुरवठ्याच्या चावीवाल्या काकांचे.

माझ्या पहिल्या पानावर बोटांचे ठसे उमटवले, तेव्हा काका बावीस वर्षांचे होते. पुढे छत्तीस वर्षे ते पहाटे खांद्यावर लांब लोखंडी चावी टाकून निघत आणि रस्त्यातली झाकणे उघडून गल्लीगल्लीला पाणी सोडत. माझ्यात त्यांच्या रजा थोड्या आणि शाबासक्या जास्त. मला त्यांचा फार अभिमान वाटे.

ते निवृत्त झाले, त्याच आठवड्यात कचेरीने जागा बदलली. नव्या खोलीची फरशी वरखाली होती, कपाट डुगडुगत होते. कोणीतरी हाताला लागलेले जाड पुस्तक त्याच्या पायाखाली सारले. ते मी होते.

काका निवृत्तिवेतनासाठी येऊ लागले.

"काका, तुमचं सेवापुस्तक सापडत नाही. मिळालं की लगेच करू," कारकून त्याच कपाटाला टेकून म्हणायचा.

"लगेच म्हणजे कधी?"

"बघू."

मी खालून जीव तोडून ओरडत होते. पण पुस्तकाचा आवाज कोणाला ऐकू जातो?

असे वर्ष गेले. एकदा काकूही आल्या. मोतीबिंदू पिकला होता, शस्त्रक्रियेला पैसे नव्हते. काकांचा हात धरून, पायाने जमीन चाचपत आल्या. कारकुनाने पुन्हा तेच पालुपद लावले, तेव्हा म्हणाल्या, "अहो, सगळ्या गावाला पाणी पाजलंत, आता ही कचेरी तुम्हालाच पाणी पाजतेय! तुम्ही तोंडी विचारता, हे तोंडी विसरतात. लेखी द्या."

काकांनी अर्ज दिला आणि पोच घेतल्याशिवाय ते जागचे हलले नाहीत. उत्तर आले नाही. मग मोफत कायदा सल्ला केंद्रातल्या वकीलबाईंची नोटीस आली. तरी कचेरी ढिम्म! शेवटी न्यायालयात जायचे ठरले, तेव्हा काका बिचकले होते. "जिचं मीठ खाल्लं, तिच्यावरच खटला?" असे त्यांनी विचारले. वकीलबाई म्हणाल्या, "काका, ही भीक नाही, तुमच्या कष्टाची कमाई आहे." हे सारे मला पुढे त्यांच्याच तोंडून कळले.

न्यायालयाने कचेरीला विचारले, पुस्तक तुम्ही हरवले, मग शिक्षा यांना का? दोन महिन्यांत निवृत्तिवेतन आणि उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, द्या, उशिराचे व्याजही द्या.

मग काय, कचेरीची पळापळ! कपाटे हलली आणि मी उजेडात आले. कोपरा चेपला होता, कडा वाळवीने कुरतडल्या होत्या, पण नोंदी शाबूत होत्या. कारकून मान खाली घालून काकांना म्हणाला, "चुकलं, काका. रोज इथेच टेकत होतो."

काकांनी शर्टाच्या बाहीने माझ्यावरची धूळ पुसली. "माझं झालं रे. पुढच्याला इतके हेलपाटे घालायला लावू नकोस."

पुढच्या वर्षी काका हयातीचा दाखला द्यायला आले. या खेपेला काकू नव्या डोळ्यांनी पुढे चालत होत्या. "बघू तरी ते पुस्तक," म्हणत त्यांनी मला उघडले आणि एका पानावर थांबल्या. तिथे लिहिले होते : 'बढतीवर परगावी जाण्यास नकार. कारण : पत्नीचे आजारपण.'

"हे मला कधी बोलला नाहीत!"

"तू तेव्हा खचून औषधही घेत नव्हतीस. त्यात तुझ्यासाठी बढती सोडली, हे कुठे सांगू?"

काकू माझ्या पानावर हात ठेवून नुसत्या उभ्या राहिल्या.

मित्रांनो, तुमच्या घरात कोणी नोकरी करत असेल, तर त्यांना सांगा : दर वर्षी आपले सेवापुस्तक बघा, त्याची प्रत घरी ठेवा, अर्जाची पोच सोडू नका आणि हक्काचे मागताना लाजू नका. आणि उद्या तुम्ही कचेरीच्या खुर्चीत बसाल, तेव्हा समोरच्या म्हाताऱ्या माणसाला आधी बसायला सांगा. मग स्वतः उठा आणि शोधायला लागा.