गुंडूच्या शिव्या

बॉल आण्णाच्या डाव्या खांद्यावरनं आत गेला आणि आण्णानं हातसुद्धा उचलला नाही.

मी बघतच राहिलो. जोतीराम आण्णा आमच्या तालमीच्या फुटबॉल टीमचा गोलकीपर. मला चड्डीची नाडी बांधता येत नव्हती तेव्हापासनं तो पोस्टात उभा. त्याचा खेळ बघून शिरोलीच्या एका फौंड्रीनं त्याला नोकरी दिलेली. हजेरी मोल्डिंग खात्यात, काम मात्र कंपनीच्या टीमकडनं बॉल अडवायचं. असल्या माणसानं शेंबड्या पोरानं अडवला असता असला बॉल सोडला.

"आण्णा, जेवण ज्यादा झालं काय?" मागनं कोणतरी वरडलं.

मी तोंड मिटून होतो. तशी ताकीदच होती. माझ्या जागेवर खरा बॅक गुंडू. तो आण्णाला मॅचभर शिव्या घालायचा. "सरक की रेड्या, तिकडं काय तुझा बा येणार हाय?" ऐकून ऐकून गणपतराव वस्तादांचं टाळकं फिरलं. परवा तालमीत त्यांनी गुंडूला सांगितलं, थोरल्या माणसाचा मान ठेवायला जमत नसंल तर बूट काढ. गुंडूनं बूट काढले. आण्णा खाली बघत बसला.

गुंडूच्या जागी मला घेतलं. शाळेत मास्तरांची छडी मोडून घरी बसलेला मी, म्हणून वस्ताद म्हणाले, "बंड्या, तुजं डोस्कं गरम. आण्णाला एक सबूद बोललास तर तंगडी हातात दीन."

हाफ टाइमला आण्णानं मला पोस्टामागं ओढलं.

"बंड्या, शिव्या दे."

"कुणाला?"

"मला."

"याड लागलंय काय तुमास्नी?"

त्यानं उजव्या डोळ्यावर तळहात धरला. डावा डोळा चांगला काळाभोर, सरळ माझ्यावर रोखलेला.

"आता तू मला दिसत न्हाईस," तो म्हणाला.

हातभर अंतरावर होतो मी.

"कवापास्नं?"

"गेल्या साली बूट लागला. आतनं गेला म्हणाला डाक्टर. एकट्या गुंडूला म्हाईत. डाव्या अंगानं बॉल आला की त्यो शिवी हाणायचा, आवाजावर मी उडी घ्यायचो."

"मग नुसतं डावीकडं म्हणायचं की."

"म्हंजे समोरच्या टीमला कळंल न्हवं. शिवी कोण ध्यान दिऊन ऐकतंय?" त्यानं मांडवाकडं मान केली. तिथं फौंड्रीचे साहेब बसलेले. "खेळ हाय तवर हजेरी हाय, बंड्या. पोरगी उजवायची हाय अजून."

साल झालं, हा माणूस अर्ध्या अंधारात उभा होता आणि आम्ही त्याला खांद्यावर घेऊन नाचत होतो.

दुसऱ्या हाफात बॉल डावीकडनं आला. मी एकदा वस्तादांकडं बघितलं. मग डोळे मिटून वरडलो, "मर की तिकडं, बैला." आण्णा वाघासारखा उडाला, बॉल बारवरनं बाहेर. टाळी एकसुद्धा नाही. परत बॉल आला, परत मी घाण शिवी हाणली, परत त्यानं अडवला. सगळं मैदान माझ्या नावानं बोंबलायला लागलं. तिसऱ्या शिवीला गणपतराव स्वतः मैदानात घुसले. रेफ्रीनं शिट्टी मारली. वस्तादांनी माझी गचांडी धरून कानाखाली आवाज काढला.

"बापाच्या वयाचा हाय त्यो. चल, हो भाईर."

उत्तर दातापर्यंत आलं. मांडव दिसला. गिळलं.

मी लायनीकडं चाललो, तोवर मागनं आण्णाचा आवाज आला. "वस्ताद, पोराला सोडा. मी सांगितलंय त्येच करतंय." तो पोस्ट सोडून पुढं आला, तोंड मांडवाकडं. "माझा डावा डोळा गेलाय. साल झालं."

बाहेर दाखवणारा वस्तादांचा हात हवेत तसाच. मांडवातले साहेब उठले आणि काय करावं न कळून परत बसले.

आण्णानं जर्सी काढली, घडी घालून गोललायनीवर ठेवली आणि उघड्या अंगानं बाहेर निघाला. कॉर्नरच्या झेंड्याला त्याचा डावा खांदा आदळला.

"सरका की वाईच, पावणं," तो म्हणाला.

मग मान पूर्ण वळवून त्यानं बघितलं. काठी आडवी झालेली. त्यानं ती उभी केली, टाचेनं बुडाची माती दाबली, हलत नाही ना ते हातानं बघितलं, आणि गेला.