अकरा दिवसांचं नाव

"हे नाव गाळतो," मुलगा म्हणाला आणि त्यानं लाल पेन्सिल उचलली.

"कुठलं?" मी मटार सोलत विचारलं.

त्यानं वाचून दाखवलं. माझ्या हातातले दाणे परातीबाहेर पडले. ते नाव या घरात बेचाळीस वर्षांत कुणी उच्चारलं नव्हतं.

माझा मुलगा बाळांची नावं तपासतो. हसू नका, घर चालतं त्यावर. नावांची पुस्तकं काढणारे त्याच्याकडे कार्डांचा गठ्ठा पाठवतात आणि हा एकेका नावाचं मूळ शोधत बसतो. नियम कडक. एकतर कोशात आधार हवा, नाहीतर पुस्तकांत येण्याआधी ते नाव असलेलं खरंखुरं माणूस हवं. दोन्ही नसलं की लाल रेघ. त्या दिवशी चार वाजता गठ्ठा छापखान्यात जायचा होता.

"सगळी पुस्तकं 'पहाटेचं दव' असा अर्थ देतात," तो म्हणाला. "पण सगळ्यांनी एकमेकांचं बघून उतरवलंय. मागं मागं गेलो, तर एका प्रसूतिगृहाच्या जुन्या पुस्तिकेपाशी वाट बंद. कुणीतरी थाप मारलीय, आई."

"थाप कशावरून? तुझा कोश काय देवानं लिहिलाय?"

"अहो, आईंशी वाद घालू नका," सून आतून म्हणाली. "कोश दुरुस्त करायला लावतील."

मी उठले. उगाच डबे इकडचे तिकडे केले. खिडकी उघडली, परत लावली. सव्वातीन झाले होते. आजवर मी कुणापुढे खोटी पडले नव्हते. पडले असेन, तरी कबूल केलेलं नाही. शाळा दुसरीपर्यंतच, पण मला अडाणी म्हणायची गल्लीत कुणाची टाप नव्हती.

पेन्सिल कार्डावर टेकली.

"थांब. ती थाप माझी आहे."

त्यानं मान वर केली.

"तुझ्या आधी एक झाली होती. ठाऊक आहे ना?"

"गेली ती लगेच."

"लगेच नाही. अकरा दिवस होती." मी पदराला हात पुसले, कोरडेच होते. "नर्सबाई वही घेऊन खाटेखाटेशी फिरत होत्या. पुस्तिकेसाठी नावं हवी होती त्यांना. पोरीचं नाव मी मनानंच जुळवलेलं, कानाला गोड लागलं म्हणून. शेजारच्या खाटेवर एक मास्तरीण होती, ती फडाफडा अर्थ सांगत सुटलेली. मग मी काय तोंड मिटून बसू? खिडकीच्या काचेवर दव होतं. दिलं ठोकून."

"जन्माची नोंद?"

"त्याआधीच आटोपलं. तुझे वडील म्हणाले, आता कशाला. त्या पुस्तिकेशिवाय ती कुठंच नाही रे."

सून दाराशी येऊन उभी राहिली होती.

मुलानं चष्मा पुसून परत डोळ्यांवर चढवला. "अर्थ नाही ठेवता यायचा, आई. तो खोटा आहे."

"मग काढ. मी काय पाया पडतेय तुझ्या?"

"नाव राहील. तिची जन्मतारीख लागेल फक्त."

तारीख, वार, वेळ मी एका दमात सांगितली. वजनसुद्धा सांगितलं, ते त्यानं विचारलं नव्हतं.

'पहाटेचं दव' वर त्यानं रेघ ओढली. एरवी त्याची रेघ पट्टीनं मारल्यासारखी असते, ही वाकडी आली. अर्थाची जागा रिकामी राहिली. मग त्यानं कार्ड माझ्यापुढे सरकवलं. खाली माहिती देणाऱ्याची सही हवी होती आणि त्यापुढे नातं.

"सही कर फक्त. नातं मी लिहितो."

"का? माझे हात मोडलेत?"

सही करायला मला वेळ लागतो. अक्षरं एकमेकांच्या अंगावर चढतात. चारला पाच कमी होते, तो घड्याळाकडे बघत नव्हता.

पुढच्या जागेत मी 'आई' लिहिलं. ते मात्र न थांबता.