साहेबांचं अडलेलं वाक्य

एकाच नाटकघरात चौदा वर्षं काढली की पंधराव्या वर्षी नटाला तिथून कुणी हलवू शकत नाही. म्हणून चौदाव्या उन्हाळ्यात प्रमुखांचं बोलावणं येतं, हे जर्मनीत, थुरिंगियातल्या त्या लहानशा शहरात पडदे ओढणाऱ्यांनाही ठाऊक होतं. काढायचं असेल तर तोंडावर सांगायचं, नटाचं म्हणणं ऐकून घ्यायचं, आणि तेही ठरलेल्या तारखेच्या आत. तारीख हुकली की नट कायमचा.

वीब्के हार्निशला बोलावणं आलं ते नेमकं शेवटच्या दिवशी.

एक्कावन्न वर्षांची ती. आधी राजकन्या झाली, मग राण्या, अलीकडे राण्यांच्या आया. टीव्हीवरच्या पोलिसी मालिकेत ती प्रेतं तपासणारी डॉक्टर होती. तेव्हापासून बेकरीवाली पाव देता देता तिला आपली गुडघेदुखी सांगायची. चित्रीकरणाला गेली की तिथले म्हणत, "तुम्ही काय बाई, रंगभूमीच्या." इथले म्हणत, "तुम्हाला काय, टीव्ही आहे." आपण नक्की कुठल्या, हे तिला अजून उमगलं नव्हतं. पाय मात्र रोज नाटकघराकडेच वळायचे.

"केक ठेवला असेल तर समज, गेलीस," ड्योर्टे म्हणाली. ड्योर्टे म्हणजे रंगमंचाच्या कडेला बसून अडलेल्या नटांना वाक्यं पुरवणारी तिची मैत्रीण.

"आणि नसला तर?"

"तर तुझी तेवढीही किंमत नाही."

केक होता, चेरीचा. पण प्रमुख आल्सलेबेन साहेबांनी तो बोलता बोलता स्वतःच संपवला. गळकं छप्पर झालं, तरुण प्रेक्षक झाले, सहा वर्षांपूर्वी तिची राणी बघून आपल्याला कसं रडू आलं तेही झालं. "प्रत्येक गोष्टीची एक वेळ असते," म्हणून ते बराच वेळ खिडकीबाहेर बघत राहिले. मग विचारलं, "तुमचं काही म्हणणं?"

"चांगलं आहे सगळं," वीब्के म्हणाली. त्यांनी तिचा हात दोन्ही हातांत धरला, आणि ती बाहेर आली.

"काय झालं?" जिन्यात ड्योर्टे.

"कळलं नाही."

"करार वाढवणार नाही, असं म्हणाला का?"

तीन तासांची पद्यं तोंडपाठ असणारी बाई आठवत उभी राहिली. "छपराबद्दल म्हणाला."

"मग बोललाच नाही तो. सरळ घरी जा. फोन उचलू नकोस, दार उघडू नकोस. उद्यापासून तुला इथून कुणी काढत नाही."

वीब्के ट्रामच्या थांब्यापर्यंत गेली. एक ट्राम गेली, दुसरी गेली. रिकाम्या खुर्च्यांपुढे तिनं कितीदा काम केलं होतं. पण समोर कुणी बसलंय की नाही हेच कळू नये, असं कधी झालं नव्हतं. तिसरी ट्राम येताना दिसली तशी ती मागे फिरली.

"साहेब, तुम्ही मला काढलंत का?"

आल्सलेबेन दचकले. "सांगितलं की मघाशी."

"नाही सांगितलंत."

"आठ दिवस आरशासमोर पाठ करतोय मी ते वाक्य. पुन्हा कशाला म्हणायला लावता?"

"पुन्हा नाही. पहिल्यांदाच."

त्यांनी घसा साफ केला. तोंड उघडलं, मिटलं. कपाळ पुसलं. वीब्के वाट बघत उभी राहिली, रंगमंचावर समोरचा अडला की राहायची तशी, चेहरा न हलवता. शेवटी त्यांनी खणातून एक जाडजूड संहिता काढली आणि तिच्याकडे न बघता पुढे सरकवली. "पुढच्या हंगामाची. म्हातारीचं काम तुमचं. जा आता."

खाली ड्योर्टेनं संहिता बघितली आणि मिठीच मारली. "राहिलीस की गं. मग तोंड का असं?"

"त्याला मी हवी आहे, की त्याला नुसतं वाक्य आठवलं नाही?"

"बरं झालं, मी तिथं नव्हते," ड्योर्टे म्हणाली. "सवयीनं पुरवलं असतं."

वीब्के हसली. पायरीवर बसून तिनं संहिता उघडली आणि म्हातारीला बोलायला किती आहे ते शोधू लागली.