ताईने उचललेलं

ताई आठवडाभर राहायला येणार म्हटल्यावर धाकट्या बहिणीच्या पोटात गोळाच आला.

ताई रंगभूमीवर गाजलेली. राणी द्या, मोलकरीण द्या, वेडी द्या. समीक्षकांची विशेषणं संपायची, ताई संपायची नाही. तिची पद्धत साधी होती. भूमिकेसाठी एक जिवंत माणूस हेरायचा आणि त्याची एखादी लकब उचलायची. उचललेली लकब त्या माणसाकडे उरत नसे, एवढीच काय ती गैरसोय. शेजारच्या काकूंचं हसू तिने एका विनोदी नाटकासाठी नेलं. नाटक तुफान चाललं. काकू पहिल्या रांगेत सुतकी चेहऱ्याने बसून होत्या. शिंप्याचं तोतरेपण नेलं तेव्हा तो बिचारा खूश झाला. पुढच्या नाटकाला त्याचं बोलणंच गेलं.

"नव्या नाटकात कोण आहेस?" धाकटीने विचारलं.

"घरातली साधी बाई. तू आपली नेहमीसारखी वाग गं."

नेहमीसारखं वागायला धाकटी काही खुळी नव्हती. सकाळपासून ती डावा पाय ओढत चालू लागली. खोटं लंगडणं नेलं तर नेऊ दे, आपल्या बापाचं काय जातं!

"पायाला काय झालं गं?" नवऱ्याने विचारलं.

"पहिल्यापासून असाच आहे. इतक्या वर्षांनी दिसला होय तुम्हाला?"

नवरा ओशाळला. ताई चहाच्या कपाआडून नुसती बघत राहिली.

पहिल्या प्रयोगात ताई रंगमंचावर आली ती धडधाकट पायांनी. मग दार वाजलं आणि ती डावा पाय ओढू लागली. मधेच विसरून उजवा ओढला, चपापली, पुन्हा डावा. अख्ख्या नाट्यगृहाने श्वास रोखला. ही बाई लंगडी नव्हती, घाबरलेली होती.

आता आपल्याला दरदरून घाम फुटणार, असं धाकटीला वाटलं. फुटला नाही. पोटातला गोळाही कुठे सापडेना. इतकं हलकं वाटलं की तिने मनापासून टाळ्या पिटल्या.

बाहेर रस्त्यावर गाड्या सुसाट धावत होत्या. नवरा कडेला थांबला.

"अगं, थांब की!"

"कशाला?"

तिला खरंच कळेना. दोन्ही पायांनी ठणठणीत चालत ती रस्त्यात उतरली.