झाडाकडचा गोल

धुलाईखान्यातल्या बायकांनी फुटबॉलचा संघ काढला, तेव्हा सगळ्यांत उंच म्हणून तिला गोलात उभं केलं आणि नाव पाडलं 'खांब'. बायकांनी अर्धी चड्डी घालून चेंडूमागे धावायचं हे तेव्हा नवलच होतं. बघायला येणारे निम्मे लोक तर फिदीफिदी हसायलाच येत. त्याचं खांबला काही वाटत नसे. तिला लागलं होतं ते ताईचं वागणं.

आई गेल्यावर ताईनंच तिला वाढवलं, शर्टांना काजं करून करून डोळे अधू करून घेतले. चड्डी दोरीवर वाळताना दिसली त्या दिवसापासून ताईनं अबोला धरला. राहायचं एकाच खोलीत, धाकटीचं ताट झाकून ठेवायचं, पण शब्द नाही. अख्खा हंगाम असा गेला. संघ जिंकत होता, पण सांगायचं कुणाला? मैत्रिणी आपापल्या घरी पांगल्या की खांब रस्ताभर स्वतःशीच सामना बोलत यायची.

शेवटच्या सामन्याच्या आदल्या दिवशी ती ताईच्या पाठीकडे बघत म्हणाली, "उद्या शेवटचा आहे. एकदा बघून जा. मी झाडाकडच्या गोलात असते."

ताईनं सुई ओवली.

पूर्वार्धात खांबचं निम्मं लक्ष झाडाखालीच होतं. ताई आली नाही. मध्यंतरानंतर नेहमीप्रमाणे संघांनी बाजू बदलल्या. खांब दुसऱ्या टोकाला पोचते न पोचते तोच झाडाखाली ताईची हिरवी शाल दिसली. बाजू बदलतात हे सांगायचं ती साफ विसरली होती. रोज खेळणाऱ्याला ते सांगण्यासारखं वाटतच नाही. त्यात गोलातल्या दोघींचा स्वेटर जाडा, टोपी लोकरीची, आणि ताईला लांबचं धड दिसत नसे.

गोल सोडून जाता येईना. तिचा संघ त्या दिवशी असा काही सुटला होता की चेंडू तिकडेच, गर्दी तिकडेच, मैत्रिणीही तिकडेच. इकडे तिला धरून तीन खांब आणि मोकळं गवत. झाडाकडच्या जाळ्यात चार वेळा चेंडू गेला. दर वेळी तिकडची पोरगी धाडकन आपटली आणि हिरवी शाल आणखी पुढे सरकली.

शिट्टी झाली. मैत्रिणी गोल करणारीला खांद्यावर घेऊन नाचत होत्या. खांब त्यांना ओलांडून पळत गेली, तोवर झाडाखाली कुणी नव्हतं.

घरी ताई पाणी तापवून बसली होती, शेजारी तेलाची वाटी.

"बस," ताई म्हणाली. "किती आपटलीस गं. आणि त्या मेल्या मारतच सुटल्या होत्या. हरलीस तर हरलीस, एवढं काय. गुडघा दाखव."

'जिंकलो' हा शब्द अगदी ओठांवर आला होता. खांबनं तो गिळला.

गुडघ्यावर साधा ओरखडासुद्धा नव्हता. ताई वाकून, डोळे बारीक करून बघत राहिली.

"मुका मार आहे," खांब म्हणाली आणि पाय पुढे केला.